मीठ कोणाचे?

निष्ठा हा सद्गुण आहे ह्याविषयी जगात फारसा मतभेद नाही. मतभेद सुरू होतो तो 'निष्ठा कोणाशी?' हा प्रश्न पुढे येताच. दया, संयम, सत्य ह्या गुणांना स्वतःचे असे घर असते. निष्ठा मात्र सदैव दुसऱ्याच्या दारात उभी असते, आणि ज्या घराच्या दारात ती उभी राहील त्या घराच्या बऱ्यावाइटाचा रंग तिला चढतो. चोरांच्या टोळीतही निष्ठा असते. किंबहुना ती नसेल तर टोळी आठ दिवस टिकणार नाही. मग निष्ठेला सद्गुण म्हणावयाचे ते कोणत्या अर्थाने? आणि एका माणसाने आयुष्यात दोन झेंड्यांखाली उभे राहून सेवा केली, तर त्याला निष्ठावंत म्हणावयाचे की नाही?

हा प्रश्न नीतिशास्त्राच्या पाठ्यपुस्तकापुरता असता तर आम्ही वाचकांस त्याचा त्रास दिला नसता. परंतु आमच्या देशाच्या अलीकडच्या इतिहासात तो दोन वैमानिकांच्या रूपाने प्रत्यक्ष उभा राहिलेला आहे, आणि त्याचे उत्तर आम्ही काय देतो ह्यावर आजच्या काही अगदी जवळच्या व्यवहारांतील आमची न्यायबुद्धी अवलंबून आहे. म्हणून त्याचा सावकाश विचार करावा असे आम्हांस वाटते.

पहिले वैमानिक हृषीकेश मुळगावकर. त्यांचा जन्म १९२० साली मुंबईत झाला. १९४० साली, दुसरे महायुद्ध भरात असताना, ते हिंदी विमानदलात दाखल झाले. हे दल १९३२ साली स्थापन झाले होते, आणि १९३३ साली कराचीजवळ अवघ्या चार वापिटी विमानांनिशी त्याचे पहिले पथक उभे राहिले होते. अधिकारपत्र इंग्रजांच्या राजाच्या नावाने, शपथ त्याच राजाची आणि युद्धही त्याच साम्राज्याचे, अशा स्थितीत मुळगावकरांनी ब्रह्मदेशाच्या मोहिमेत काम केले. पुढे स्वातंत्र्य आले. १९४७-४८ च्या काश्मीरच्या लढाईतील पराक्रमाबद्दल त्यांस महावीरचक्र मिळाले, आणि फेब्रुवारी १९७६ पासून ऑगस्ट १९७८ पर्यंत ते भारतीय विमानदलाचे प्रमुख होते. २०१५ साली त्यांचे निधन झाले.

दुसरे वैमानिक रमेश सखाराम बेनेगल. आडनाव कानडा किनाऱ्यावरचे, परंतु बालपण ब्रह्मदेशातले. १९२६ साली जन्मलेला हा मुलगा रंगूनच्या शाळेत शिकत असताना डिसेंबर १९४१ मध्ये जपानी बाँबफेकी विमाने त्या शहरावर आली, आणि पुढच्या मार्चमध्ये रंगून पडले. १९४३ साली सुभाषचंद्र बोसांनी आझाद हिंद सेनेची सूत्रे हाती घेतली, आणि पुढे तिच्यातील चाळीसहून अधिक तरुण लष्करी शिक्षणासाठी निवडून जपानला पाठविले. 'टोकियो कॅडेट' ह्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या त्या तरुणांत बेनेगल होते. ऑगस्ट १९४५ मध्ये जपानने शरणागती पत्करली आणि त्या शिक्षणाचा हेतूच संपला. भारतात परतलेला हा तरुण पुढे भारतीय विमानदलात दाखल झाला. १९७१ च्या युद्धात विंग कमांडर बेनेगल छायाचित्रे घेऊन टेहळणी करणाऱ्या १०६ क्रमांकाच्या पथकाचे नेतृत्व करीत होते, आणि त्या कामगिरीबद्दल त्यांसही महावीरचक्र मिळाले. एअर कमोडोर ह्या हुद्द्यापर्यंत ते चढले. तरुणपणीच्या त्या ब्रह्मदेश-जपान प्रवासाच्या त्यांनी इंग्रजीत लिहिलेल्या आठवणी त्यांच्या निधनानंतर ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाल्या.

आता १९४४ साल डोळ्यांपुढे आणावे. इम्फाळच्या डोंगरात आझाद हिंद सेनेची पथके जपानी सैन्याबरोबर चालून येत आहेत, आणि त्याच डोंगरांवरून हिंदी विमानदलाच्या पहिल्या पथकाची हरिकेन विमाने अर्जन सिंग ह्यांच्या नेतृत्वाखाली टेहळणी करीत आहेत. खाली हिंदी माणसे, वर हिंदी माणसे. मध्ये दोन परकी साम्राज्यांचे वैर. मुळगावकर ज्या दलात होते ते वर, बेनेगल ज्या सेनेत होते ती खाली. आणि पुढे एकाच प्रजासत्ताकाने दोघांच्याही छातीवर तीच अर्धी पांढरी, अर्धी केशरी फीत लावली. प्रश्न असा की, ह्या दोघांपैकी एकाची तरी निष्ठा चुकीची ठरत नाही काय? आणि ठरत नसेल, तर निष्ठा ह्या शब्दाला अर्थ काय उरला?

आमच्या भाषेत ह्या प्रश्नाचे एक तयार उत्तर आहे. खाल्ल्या मिठाला जागावे. ज्याने पोसले त्याच्याशी बेइमान होऊ नये. हे उत्तर जुने आहे आणि त्याला मोठ्यांचा आधारही आहे. महाभारतात युद्धाच्या आरंभी युधिष्ठिर शस्त्र ठेवून भीष्मांकडे आशीर्वाद मागावयास जातो, तेव्हा भीष्म त्याला सांगतात की, कौरवांच्या अर्थाने आपण बांधले गेलो आहोत, म्हणून त्यांच्या बाजूने लढणे भाग आहे. द्रोण, कृप आणि शल्यही थोड्याफार फरकाने हेच सांगतात. म्हणजे न्याय कोणत्या बाजूस आहे हे ह्या चौघांस कळत नव्हते असे नाही. परंतु मिठाचा हिशेब त्यांनी न्यायाच्या हिशेबाच्या वर ठेवला. व्यासांनी ह्या थोर माणसांचा अनादर केला नाही. तथापि त्यांच्या ह्या उत्तराचा परिणामही लपविला नाही. अठरा दिवसांनंतर कुरुक्षेत्रावर जे उरले ते ह्या उत्तराचे फळ होते.

मिठाच्या ह्या न्यायाने पाहिले तर मुळगावकर निर्दोष ठरतात, कारण पगार देणाऱ्या सरकारची त्यांनी चाकरी केली. आणि बेनेगलही निर्दोष ठरतात, कारण विशीही न गाठलेल्या त्या मुलाने राजाची शपथ कधी घेतलीच नव्हती, मग ती मोडण्याचा प्रश्न कुठला? परंतु अशी सुटका आम्हांस समाधान देत नाही. ती वकिली सुटका आहे. तिने आरोप मिटतो. प्रश्न मिटत नाही. खरा प्रश्न ह्या म्हणीच्याच पोटात आहे, आणि तो आपण सहसा विचारीत नाही. मीठ कोणाचे?

आमची भिवंडी कामवारी नदीच्या काठी वसलेली आहे, आणि जवळच खाडी आहे. वसईच्या व ठाण्याच्या खाडीकाठी पिढ्यान्पिढ्या मिठागरे होती. भरतीचे पाणी वाफ्यांत घ्यावयाचे, उन्हात आटवावयाचे, उघड्या पायांनी तुडवून, फावड्याने ओढून त्याचे ढीग करावयाचे, हे काम करणाऱ्या आगरी माणसाचे पाय मिठाने भेगाळलेले असत. आगर पिकवितो तो आगरी, असे त्या नावाचे मूळ सांगतात. हे मीठ त्याने पिकविले. सरकारने त्यावर कर बसविला. १९३० साली गांधीजींनी समुद्रकाठी मूठभर मीठ उचलले, मग कोकणात शिरोड्याला आणि मुंबईत वडाळ्याला लोकांनी मिठागरांवर चाल केली. ह्या चळवळीचा राजकीय अर्थ सर्वांस ठाऊक आहे. परंतु तिचा एक नैतिक अर्थही होता, आणि तो आमच्या मते अधिक टिकाऊ आहे. मीठ वाटणारा आणि मीठ पिकविणारा हे दोघे वेगळे आहेत, ही गोष्ट त्या मुठीने उघड केली. जो वाटतो तो आपल्या हाताला धनी म्हणवून घेतो. परंतु त्या हातात जे असते ते दुसऱ्याच्या पायांच्या भेगांतून आलेले असते.

हीच गोष्ट सैनिकाच्या पगाराची. लंडनच्या राजाच्या नावाने जो पगार हिंदी शिपायास मिळत होता, तो मुख्यतः ह्याच देशातील शेतसारा, मिठावरील कर, जकात आणि प्राप्तीवरील कर ह्यांतून येत होता. कोष्ट्याने मागावर विणलेल्या हातभर कापडात आणि कुणब्याने नांगरलेल्या शेतात त्याचे मूळ होते. तेव्हा खाल्ल्या मिठाला जागावयाचेच असेल, तर ते ह्या लोकांच्या मिठाला. ह्या दृष्टीने पाहिले म्हणजे मुळगावकर आणि बेनेगल ह्या दोघांवर एकच ऋण होते. एकाने ते परकी सरकारच्या चाकरीत राहून, विमानविद्या हस्तगत करून, पुढे स्वतंत्र देशाच्या उपयोगी पडून फेडले. दुसऱ्याने त्याच सरकारविरुद्ध उभे राहण्याच्या मार्गाने फेडावयास निघून, तो मार्ग बंद होताच पुन्हा त्याच लोकांच्या विमानदलात येऊन फेडले. धनी वेगळे होते. धनको एकच होता.

आमच्या इतिहासाला हा विचार नवा नाही. महाराष्ट्रात निष्ठेचे उदाहरण मागितले की दोन नावे प्रथम पुढे येतात. १६६० साली घोडखिंडीत देह ठेवणारे बाजीप्रभू देशपांडे, आणि १६६५ साली पुरंदरावर दिलेरखानाची चाकरी झिडकारून मृत्यू पत्करणारे मुरारबाजी देशपांडे. परंतु हे दोघेही आधी दुसऱ्या घरचे चाकर होते ह्याची आठवण थोड्यांस असते. बाजीप्रभू हे हिरडस मावळच्या बांदल देशमुखांचे कारभारी, आणि ते घर प्रथम शिवाजी महाराजांच्या विरुद्ध होते. मुरारबाजी जावळीच्या मोऱ्यांकडे होते, आणि १६५६ साली जावळी पडली तेव्हा ते महाराजांच्या फौजेविरुद्ध लढले होते. मिठाचा न्याय धन्यापुरताच असता तर ह्या दोघांस आपण फार तर पराक्रमी म्हटले असते, निष्ठेचे आदर्श म्हटले नसते. लोकांनी त्यांस आदर्श मानले, कारण आपल्यावर खरे ऋण कोणाचे आहे ते ह्या माणसांस उमगले आणि उमगल्यावर ते प्राणांच्या किंमतीनेही मागे हटले नाहीत, हे लोकांस कळले.

येथे एक आक्षेप येतो, आणि तो बळकट आहे. धनी बदलणे हे जर दोषास्पद नसेल, तर फितुरीला फितुरी तरी का म्हणावे? प्रत्येक फितुराला आपल्या कृत्यासाठी उदात्त कारण सांगता येते. सूर्याजी पिसाळाचे नाव लोकपरंपरेत रायगडाच्या पाडावाशी कायमचे जोडले गेले आहे. त्यानेही 'मला खरे ऋण उमगले' असे म्हटले असते तर?

ह्या आक्षेपाला आमचे उत्तर असे आहे. माणसाच्या मनात काय होते ते आपणांस दिसत नाही, हे खरे. परंतु त्याच्या कृतीत तीन गोष्टी दिसतात. पहिली, बाजू बदलताना त्याने काय कमावले आणि काय गमावले. सूर्याजीच्या कथेत वतनाची आशा आहे. घोडखिंडीत वतन देणारे कोणी नव्हते. दुसरी, तो उघडपणे गेला की विश्वासाच्या आडून. रणांगण उघडण्यापूर्वी उभय सैन्यांसमक्ष पांडवांकडे गेलेला धृतराष्ट्रपुत्र युयुत्सू आणि रात्री आतून दरवाजा उघडून देणारा किल्लेदार ह्यांत हाच फरक आहे. तिसरी, तो गेला त्या बाजूने शस्त्र नसलेल्या माणसांचे काय केले, आणि ते पाहून तो काय करतो. पहिल्या दोन कसोट्यांवर बहुतेक फितूर उघडे पडतात. तिसरी कसोटी मात्र प्रामाणिक माणसांसही अवघड जाते, आणि १९४४ साली ती दोन्ही बाजूंच्या हिंदी तरुणांपुढे उभी होती.

कारण त्या युद्धात कोणताही झेंडा निष्कलंक नव्हता. जपानने ब्रह्मदेश-सयाम रेल्वेच्या कामावर जी माणसे जुंपली, त्यांत युद्धकैद्यांबरोबर मलायातील तमिळ मजूरही होते, आणि ते हजारोंनी मेले. अंदमानात जपानी अंमलाखाली हिंदी रहिवाशांचा छळ झाला. दुसरीकडे इंग्रजांच्या राज्यात, १९४३ साली, बंगालमध्ये लाखो माणसे अन्नावाचून मेली, आणि ती ज्या वर्षी मेली त्याच वर्षी त्या प्रांतातून युद्धसामग्रीच्या आगगाड्या पूर्वेकडे जात होत्या. अशा वेळी सतरा-अठरा वर्षांच्या मुलाने किंवा चोविशीच्या तरुणाने कोणती बाजू घ्यावयाची? ह्या प्रश्नाचे सुटसुटीत उत्तर ज्याच्यापाशी आहे त्याने प्रश्न नीट ऐकलेला नाही असे आम्ही म्हणू. जपानच्या हेतूंविषयी एकाचा अंदाज चुकला असेल. इंग्रजांच्या आश्वासनांविषयी दुसऱ्याचा चुकला असेल. अंदाज चुकणे हा बुद्धीचा दोष आहे. नियत बिघडणे हा शीलाचा दोष आहे. आपण हे दोन दोष एकाच तराजूत घालतो, आणि मग पराभूत बाजूकडे उभ्या असलेल्या प्रत्येकास बेइमान ठरवून मोकळे होतो.

महाभारताने हा भेद किती नाजूकपणे सांभाळला आहे ते पाहण्यासारखे आहे. द्यूतसभेत द्रौपदीची विटंबना होत असता कौरवांपैकी एक विकर्ण उठून हा अधर्म आहे असे म्हणाला. परंतु युद्धात तो भावांच्याच बाजूने उभा राहिला आणि भीमाच्या हातून मेला. युयुत्सू भावांस सोडून गेला आणि वाचला. एकाच बापाचे हे दोन पुत्र. दोघांसही धर्म कोठे आहे ते दिसले. एक राहिला, एक गेला. व्यास दोघांचीही निंदा करीत नाहीत, आणि विकर्णाला मारल्याचे दुःख खुद्द भीमाला झाल्याचे सांगतात. ज्याने मारले त्यालाच दुःख व्हावे, ह्याहून मोठा न्याय शत्रूला कोणता मिळणार?

मिठाच्या पाठोपाठ दुसरे उत्तर येते ते शपथेचे. माणूस मिठाने बांधला जात नसेल, परंतु दिलेल्या शब्दाने तर बांधला जातो! नोव्हेंबर १९४५ मध्ये दिल्लीच्या लाल किल्ल्यात शाहनवाझ खान, प्रेमकुमार सहगल आणि गुरुबक्षसिंग धिल्लन ह्या तिघांवर जो खटला उभा राहिला, त्याचा गाभा हाच होता. राजाची शपथ घेतलेले अधिकारी त्याच राजाविरुद्ध लढले. बचावाच्या बाजूने भुलाभाई देसाई ह्यांनी असा युक्तिवाद केला की, परतंत्र लोकांसही आपल्या स्वातंत्र्यासाठी युद्ध करण्याचा हक्क आहे, आणि तो हक्क बजावणाऱ्यांस साध्या बंडखोरांचा कायदा लागू होत नाही. न्यायालयाने तिघांसही जन्मठेपेची शिक्षा दिली. जानेवारी १९४६ मध्ये सरसेनापती ऑकिन्लेक ह्यांनी ती माफ केली. परंतु स्वातंत्र्यानंतरही आझाद हिंद सेनेत गेलेल्या जुन्या सैनिकांस हिंदी सैन्यात परत घेण्यात आले नाही. स्वतंत्र सरकारने त्यांचा गौरव केला, आणि तरीही शपथेच्या शिस्तीला हात लावला नाही. ह्यात विसंगती आहे असे पुष्कळांस वाटते. आम्हांस त्यात एक अवघड प्रामाणिकपणाही दिसतो. शब्द मोडणे कधी कधी कर्तव्य होते; परंतु ते कर्तव्य झाले तरी त्याची किंमत माफ होत नाही.

तथापि शपथेच्या न्यायालाही मर्यादा आहे, आणि ती काश्मीरच्या लढाईत विलक्षण रीतीने उघडी पडली. ज्या लढाईत मुळगावकरांनी महावीरचक्र मिळविले, ती चालू असता भारत आणि पाकिस्तान ही दोन्ही राष्ट्रे वसाहतीचे स्वराज्य ह्या दर्जाची होती, आणि दोहोंचा घटनात्मक राजा एकच होता, सहावा जॉर्ज. दोन्ही सैन्यांचे सरसेनापती इंग्रज होते. आमच्या विमानदलाचे प्रमुखही इंग्रजच, एअर मार्शल एल्महर्स्ट. भारतात राजाचे हे घटनात्मक स्थान २६ जानेवारी १९५० पर्यंत राहिले. म्हणजे कागदावर पाहिले तर एकाच राजाचे अधिकारी परस्परांशी लढत होते. ब्रह्मदेशात खांद्याला खांदा लावून उडालेले वैमानिक आता सीमेच्या दोन बाजूंस होते. त्यांतील एक, असगर खान, पुढे पाकिस्तानच्या विमानदलाचे प्रमुख झाले. शपथ ज्याची घेतली तो राजा ह्या लढाईत कोठेच नव्हता. मग हे अधिकारी कोणासाठी लढत होते? ज्या लोकांस ते आपले म्हणत त्यांच्यासाठी. शपथ मागे पडली होती आणि ऋण पुढे आले होते. कायद्याने नंतर जे लिहिले ते सैनिकांनी आधीच ओळखले होते.

अमेरिकन तत्त्वज्ञ जोसाया रॉइस ह्याने १९०८ साली निष्ठेवर एक ग्रंथ लिहिला. त्याचे म्हणणे थोडक्यात असे की, प्रत्येकाने आपल्या कार्याशी एकनिष्ठ असावे, परंतु ते कार्य असे असावे की त्यामुळे जगातील निष्ठाच वाढीस लागावी. दुसऱ्याची निष्ठा चिरडून जी निष्ठा उभी राहते ती स्वतःचाच घात करते. निष्ठेशी निष्ठा, असे तो ह्या तत्त्वाला म्हणतो. हा विचार आम्हांस मोलाचा वाटतो, परंतु अपुरा वाटतो. दोन कार्यांपैकी कोणत्या कार्याने निष्ठा वाढेल हे युद्धाच्या धुरात कोणी सांगावे? रॉइसच्या तत्त्वाला डोळे हवेत. ते डोळे कसे असावेत, हे बेनेगलांच्या १९७१ मधील कामगिरीवरून आम्हांस अधिक स्पष्ट दिसते.

कॅनबेरा हे दोन जेट इंजिनांचे विमान मुळात बाँबफेकीसाठी बनविलेले. परंतु टेहळणीसाठी जे कॅनबेरा वापरीत, त्यात बाँब नसत, बंदुका नसत. त्यांच्या जागी कॅमेरे असत. वैमानिक आणि मार्गदर्शक अशी दोन माणसे, संरक्षणासाठी सोबत लढाऊ विमान नाही, खाली शत्रूची विमानविरोधी तोफखान्याची ठाणी, आणि काम एवढेच की ठरलेल्या रेषेवरून ढळावयाचे नाही. छायाचित्रे सलग यावयाची तर विमान सरळ आणि स्थिर ठेवावे लागते, आणि सरळ व स्थिर उडणारे विमान हेच तोफेला सर्वांत सोपे लक्ष्य असते. बाँब टाकणारा निदान टाकून वळतो. छायाचित्रकाराला घरी परतल्याशिवाय काहीच साधत नाही, कारण त्याचा सारा पराक्रम विमानाच्या पोटातील फितीवर असतो. शत्रूच्या प्रदेशात खोलवर, निःशस्त्र विमानातून, अशा अनेक मोहिमा बेनेगलांनी केल्या व करविल्या. त्यांनी आणलेल्या माहितीचा उपयोग विमानदलाप्रमाणेच भूदल आणि नौदल ह्यांसही झाला.

ह्या कामाकडे आम्ही जितके अधिक पाहतो तितके ते आम्हांस निष्ठेचे शुद्ध रूप वाटू लागते. येथे शौर्य आहे, परंतु त्याला संहाराची जोड नाही. त्या माहितीवरून पुढे कोणी संहार केला हे आम्ही विसरत नाही, आणि टेहळणी करणाराही ते विसरत नसेल. परंतु त्याचे स्वतःचे काम जे आहे ते पाहण्याचे आहे. सेनापतीला जे दिसावेसे वाटते ते त्याने आणावयाचे नसते. जे आहे ते आणावयाचे असते. पूल पडला नसेल तर पडला नाही असेच फितीवर येणार. धन्याचे मन राखण्यासाठी छायाचित्र बदलणारा हुजऱ्या असेल. तो निष्ठावंत नव्हे. उलट, प्राण पणास लावून नकोशी बातमी खरी आणून देणारा, हाच ज्याचे मीठ खातो त्याच्या खऱ्या उपयोगाचा. भीष्म-द्रोणांच्या बरोबरीने हस्तिनापूरचे अन्न विदुरानेही खाल्ले होते. परंतु त्याने त्या अन्नाची फेड राजाला सत्य सांगून केली. त्या राजवाड्यात खाल्ल्या मिठाला खरोखर जागला असेल तर तो विदुर.

म्हणून आमचा निष्कर्ष असा. निष्ठेचा कस ती किती काळ एका जागी टिकली ह्यात नाही. ती वाहताना माणसाचे डोळे उघडे होते की मिटलेले, ह्यात आहे. डोळे उघडे ठेवणारा चुकू शकतो; परंतु चूक दिसताच तो वळू शकतो, आणि वळला म्हणजे त्याने आपली निष्ठा मोडली असे होत नाही, ती तिच्या खऱ्या मालकाच्या स्वाधीन केली असे होते. मिटल्या डोळ्यांची निष्ठा कधी वळत नाही, म्हणून ती दिसावयास भव्य असते. परंतु तिच्यात आणि धन्याच्या हातातील काठीत फरक उरत नाही.

हे सर्व आम्ही आज, आणि भिवंडीत बसून, का लिहीत आहोत, हेही सांगितले पाहिजे. ह्या गावात निष्ठा हा शब्द पुस्तकातला नाही. येथील मागांवर पिढ्यान्पिढ्या काम करणारी मोमीन घराणी उत्तर हिंदुस्थानातून येथे आली. तेलंगणातून पद्मशाली आले. आगरी आणि कुणबी तर मूळचेच. आमच्या वर्गात ह्या सर्व घरांतील मुले एका बाकावर बसतात. १९७० आणि १९८४ ह्या दोन वर्षी ह्या गावाने जे पाहिले ते येथे पुन्हा वर्णन करण्याची गरज नाही. ज्या घरांतून त्या वर्षी प्रेते निघाली, त्या घरांस ते ठाऊक आहे. परंतु त्या आगीचे सरपण नेहमी एकाच वखारीतून येते. 'तुमचे पूर्वज कोणत्या बाजूस होते? तुमची निष्ठा सिद्ध करा.' हा प्रश्न एकमेकांस विचारण्याची आम्हांस सवय लागली आहे, आणि तो विचारणाऱ्यास वाटते की आपण मोठी देशभक्ती करीत आहोत.

त्यांस आमचे सांगणे एवढेच की, प्रजासत्ताकाने स्वतः हा प्रश्न ह्या रीतीने विचारलेला नाही. त्याने राजाची शपथ घेतलेल्या मुळगावकरांस विचारले नाही की, तू परक्यांच्या युद्धात का होतास. जपानी राजधानीत शिकलेल्या बेनेगलांस विचारले नाही की, तू पराभूत बाजूस का होतास. त्याने दोघांचे पुढचे काम पाहिले. १९६५ साली खेमकरणच्या रणांगणावर रणगाड्यांचा संहार करून परमवीरचक्र मिळविणारा अब्दुल हमीद हा गाझीपूर जिल्ह्यातील धामूपूरचा, शिंप्याच्या घरचा मुलगा. त्या मुलुखातून आलेली कितीतरी माणसे आज आमच्या गावात माग चालवितात. हमीदला निष्ठेचा दाखला कोणत्या कचेरीतून मिळाला असता? दाखला मागून निष्ठा मिळत नाही. मिळतो तो दाखलाच. निष्ठा तेथे उगवते जेथे माणसाला आपण येथल्या मिठाचे धनको आहोत, केवळ ऋणको नव्हे, असे वाटू शकते. जो माग चालवितो, आगर तुडवितो, शेत नांगरतो, त्याच्या घामातून हे राज्य उभे आहे. त्याच्याकडून निष्ठेचा पुरावा मागणे म्हणजे मीठ पिकविणाऱ्याकडे मिठाचा हिशेब मागणे होय. १९३० पूर्वीचे सरकार नेमके हेच करीत होते.

आणि शेवटी ह्या म्हणीची दुसरी बाजू. सैनिकाने आमच्या मिठाला जागावे असे आम्ही म्हणतो. परंतु अर्ध्या आकाशातून, शस्त्रावाचून, सरळ रेषेत उडत राहणाऱ्या त्या दोन माणसांचे मीठ आम्हीही खाल्लेले आहे. त्यांचे ऋण आम्ही कशाने फेडणार? पुतळ्याने नव्हे, घोषणेने तर नव्हेच. जे दिसले ते जसेच्या तसे घेऊन येण्यासाठी ते प्राण पणास लावतात. निदान ते आणलेले पाहण्याचे धैर्य आमच्यात असावे. शेजाऱ्याविषयी जे खरे आहे ते पाहावे, आपल्या बाजूच्या हातून जे घडले तेही पाहावे, आणि ज्या युद्धाला न्याय नाही त्यात दुसऱ्याच्या मुलास पाठविण्यापूर्वी दोनदा पाहावे. एवढे केले तरी खाल्ल्या मिठाला जागल्याचे श्रेय आम्हांस मिळेल.